लिथॉप्स बियांपासून घरात वाढवताना: पहिल्या वर्षाचे पाणी आणि प्रकाश

प्रश्न थोडक्यात असा आहे. खिडकीशी ठेवलेल्या कुंडीत लिथॉप्सच्या, म्हणजे खड्यासारख्या दिसणाऱ्या दोन जाड पानांच्या वाळवंटी वनस्पतीच्या, बिया पेरल्या आणि आठवड्याभरात त्या उगवल्याही. परंतु पुढच्या काही दिवसांत रोपे उंच व फिकट होऊन आडवी पडू लागली. या वनस्पतींना पाणी फार कमी लागते असे वाचनात आल्यामुळे पाणी थांबवले, तेव्हा उरलीसुरली रोपेही सुकून गेली. बाग किंवा काचगृह नसताना, केवळ घरात, लिथॉप्स बियांपासून वाढवता येतात का, आणि येत असतील तर पाण्याचा हिशेब कसा ठेवायचा?

वाढवता येतात, आणि घरातली परिस्थिती त्यासाठी फारशी प्रतिकूलही नसते. वर सांगितलेल्या प्रसंगात दोन निरनिराळ्या गोष्टी बिघडल्या आहेत. रोपे उंच होऊन पडली ती प्रकाश अपुरा असल्यामुळे, आणि उरलेली सुकली ती मोठ्या झाडाचा नियम रोपाला लावल्यामुळे. लिथॉप्सबद्दल जे काही लिहिले जाते ते बहुतांशी दोन-तीन वर्षांच्या किंवा त्याहून मोठ्या झाडांविषयी असते. अशा झाडाच्या दोन जाड पानांत महिनोन्महिने पुरेल इतके पाणी साठलेले असते आणि त्याचे सोटमूळ खोल गेलेले असते. नुकत्याच उगवलेल्या रोपाचे शरीर एक-दोन मिलिमीटरचे आणि मूळ त्याहून किंचित लांब. त्याच्याजवळ साठा असा नसतोच. म्हणून पहिल्या वर्षाचे सारे काम एका वाक्यात सांगायचे तर, जवळजवळ संपूर्ण ओलाव्यापासून मोठ्या झाडाच्या कोरडेपणापर्यंत रोपाला हळूहळू नेणे, आणि त्या प्रत्येक टप्प्यावर पाण्याच्या प्रमाणात प्रकाश देणे.

हे असे का, ते या वनस्पतीच्या मूळ ठिकाणाकडे पाहिले की कळते. लिथॉप्सच्या चाळीसेक प्रजाती दक्षिण आफ्रिका आणि नामिबियात, आणि थोड्या प्रमाणात बोत्स्वानात, खडकाळ व गारगोट्यांनी भरलेल्या जमिनीत वाढतात. विल्यम बर्चेल या इंग्रज निसर्गअभ्यासकाने १८११ साली दक्षिण आफ्रिकेतील प्रिस्का गावाजवळ विचित्र आकाराचा खडा म्हणून जी वस्तू उचलली ती लिथॉप्सच निघाली. पुढे १९२२ मध्ये वनस्पतिशास्त्रज्ञ एन. ई. ब्राउन यांनी या वनस्पतींना स्वतंत्र प्रजातिसमूहाचे नाव दिले. यांतील बहुतेक प्रजातींच्या प्रदेशात पाऊस थोडा आणि बेभरवशाचा पडतो. मोठे झाड जमिनीत जवळजवळ पूर्ण रुतलेले असते, फक्त पानांचे सपाट माथे वर दिसतात, आणि त्या माथ्यावरच्या अर्धपारदर्शक भागातून प्रकाश आत उतरून पानाच्या आतील हिरव्या पेशींपर्यंत पोहोचतो.

बियांची व्यवस्था त्याहून चतुर आहे. फूल गळून गेल्यावर जे लहान, कठीण, फिकट तपकिरी बोंड तयार होते ते कोरड्या हवेत घट्ट मिटलेले राहते. त्यावर पाण्याचा एक थेंब टाकून भिंगाखाली पाहिले तर काही मिनिटांत त्याच्या पाकळ्यांसारख्या झडपा एकेक करून बाहेरच्या बाजूला वळतात आणि मधले कप्पे, बहुधा पाच किंवा सहा, उघडे पडतात. वाळल्यावर त्या पुन्हा मिटतात. म्हणजे बी बाहेर पडते तेच पावसात, थेंबांच्या माऱ्याने उडून, आणि दगडांच्या फटीत जाऊन बसते, जिथे ओल थोडी अधिक टिकते आणि दुपारचे ऊन थेट लागत नाही. वाळवंटी वनस्पतीच्या आयुष्याची सुरुवात ओलीत होते, ही गोष्ट पेरणी करणाऱ्याने मनात पक्की धरावी.

बिया विकत घेताना थोडी सावधगिरी हवी. निळ्या, जांभळ्या किंवा सप्तरंगी लिथॉप्सची जी चित्रे विक्रीसाठी दाखवली जातात ती रंगवलेली असतात. निळे लिथॉप्स अस्तित्वात नाही. राखाडी, तपकिरी, विटकरी, पिवळसर, हिरवट आणि काही निवडक वाणांत माणकासारखा तांबडा, इतकाच या वनस्पतीचा रंगपट आहे. पाकिटावर प्रजातीचे नाव असावे, आणि नावापुढे इंग्रजी ‘सी’ अक्षर व एखादा क्रमांक असेल तर अधिक चांगले. डेस्मंड कोल आणि त्यांच्या पत्नी नॉरीन यांनी अनेक वर्षे फिरून निसर्गातल्या वसाहतींची नोंद केली आणि प्रत्येकीला क्रमांक दिला. तो क्रमांक असलेले बी कोणत्या वसाहतीच्या वंशातले आहे हे त्यावरून कळते. प्रथमच पेरणाऱ्याने लेस्लिआय, ऑकॅम्पिए किंवा सॅलिकोला यांपैकी एखादी प्रजाती घ्यावी. यांची रोपे धडधाकट असतात आणि पाण्यातली थोडीफार चूक सोसतात. ऑप्टिका प्रजातीचे ‘रुब्रा’ हे तांबडे वाण सर्वांना हवे असते, पण त्याची रोपे लहान, संथ आणि नाजूक असतात. ते दुसऱ्या-तिसऱ्या पेरणीसाठी राखून ठेवावे. मिश्र प्रजातींचे पाकीट स्वस्त मिळते, मात्र त्यातली सर्व रोपे एकाच वेगाने वाढत नाहीत, आणि एका कुंडीत दोन वेगवेगळ्या गरजा सांभाळणे नवख्याला जड जाते.

कुंडी रुंद नसली तरी चालेल, पण आठ ते दहा सेंटिमीटर खोल असावी, कारण वर काही दिसण्याआधीच मूळ खाली उतरू लागते. मिश्रणाबाबत प्रत्येकाची स्वतःची पाककृती असते. माझ्या मते प्युमिस (हलका, सच्छिद्र ज्वालामुखी दगड), धुतलेली जाड वाळू किंवा परलाइट (तापवून फुगवलेले हलके पांढरे खनिज दाणे) असे खनिज घटक तीन भाग आणि बारीक चाळलेली, चांगली कुजलेली माती किंवा पानखत एक भाग हे प्रमाण रोपांसाठी योग्य आहे. मोठ्या झाडाला सेंद्रिय भाग याहूनही कमी द्यावा. प्युमिस मिळाले नाही तर अडत नाही. महत्त्वाचे आहे ते चाळणे: मैद्यासारखी बारीक धूळ काढून टाकली नाही तर ती पाण्याबरोबर खाली बसून थर धरते आणि मुळांना हवा मिळत नाही. वरचा सेंटिमीटरभर थर एक-दोन मिलिमीटरच्या दाण्यांचा ठेवावा, म्हणजे बी खोल गडप होत नाही. किनाऱ्यावरची वाळू क्षारांमुळे वापरू नये.

मिश्रण वापरण्यापूर्वी ओलसर करून सुमारे ८० अंश सेल्सिअसला अर्धा तास वाफवावे आणि झाकलेलेच थंड होऊ द्यावे. यामुळे बुरशी, शेवाळाचे बीजाणू आणि चिलटांची अंडी बऱ्याच अंशी नष्ट होतात. फार जास्त तापवल्याने फायदा होत नाही, उलट सेंद्रिय भागातून अमोनिया व मँगनीज यांसारखी रोपांना अपायकारक द्रव्ये सुटतात.

पेरणी अगदी सोपी आहे. बी अर्ध्या ते एक मिलिमीटरचे असते, त्यामुळे ते घडी घातलेल्या पांढऱ्या कागदावर घेऊन हलकेच टिचक्या मारत पृष्ठभागावर पसरावे आणि त्यावर काहीही टाकू नये, कारण गाडलेले बी नीट उगवत नाही. त्याआधी कुंडी पाण्याच्या ताटलीत ठेवून वरचा थर ओला दिसेपर्यंत खालून पाणी पिऊ द्यावे, नंतर निथळू द्यावी. पेरून झाल्यावर पारदर्शक झाकण किंवा पिशवी लावून कुंडी उजेडात, पण थेट उन्हाबाहेर ठेवावी. झाकलेल्या कुंडीवर ऊन पडले तर आतले तापमान पाहता पाहता बियांना मारक होते. दिवसा २० ते २८ अंश आणि रात्री त्याहून पाच-दहा अंश कमी असे तापमान उत्तम. दिवस-रात्रीतला हा फरक उगवणीला मदत करतो. म्हणून अंकुरांसाठी चोवीस तास एकसारखी उष्णता देणारी गादी वापरायची असेल तर ती रात्री बंद करावी.

पहिले अंकुर तीन-चार दिवसांत दिसू शकतात, बहुतेक दोन आठवड्यांत येतात, आणि काही मात्र कित्येक आठवडे, क्वचित काही महिनेही थांबतात. सगळे बी एकाच पावसावर उधळून टाकायचे नाही, ही या वनस्पतीची रीतच आहे. म्हणूनच रोपे मेलेली कुंडी लगेच रिकामी करू नये. ती दोन-तीन आठवडे पूर्ण कोरडी ठेवून पुन्हा खालून भिजवली तर मागे राहिलेल्या बियांतून नवी तुकडी येण्याची बरीच शक्यता असते.

आता प्रकाशाकडे वळतो, कारण घरात होणारे बहुतेक नुकसान याच बाबतीत होते. अंकुर प्रथम दिसतो तो एका गुळगुळीत हिरव्या गोळीसारखा, माथ्यावर एक बारीक चीर असलेला. ही गोळी दोन बीजपत्रे, म्हणजे बियातून प्रथम निघणारी पाने, जवळजवळ पूर्ण जोडली जाऊन बनलेली असते. ही गोळी जमिनीला टेकून, रुंदीइतकीच उंच राहिली तर प्रकाश पुरेसा आहे. तिच्याखाली पांढुरका देठ दिसू लागला आणि गोळी लांबट झाली तर प्रकाश कमी आहे, आणि तेही आज कमी झालेला नाही, तर गेले काही दिवस कमी आहे. देठ एकदा लांबला की तो पुन्हा आखूड होत नाही. थोडेच लांबलेले असेल तर रोपाभोवती बारीक खडी अलगद सरकवून त्याला आधार देता येतो. आडवे पडलेले, काचेसारखे पारदर्शक झालेले रोप मात्र वाचत नाही.

खिडकीचा उजेड माणसाच्या डोळ्याला भरपूर वाटतो, परंतु काचेपासून हातभर आत आले तरी तो झपाट्याने कमी होतो, शिवाय तो एकाच बाजूने येतो. सूर्याकडे तोंड असलेल्या, म्हणजे उत्तर गोलार्धात दक्षिणेकडच्या, खिडकीला लागून कुंडी ठेवता येत असेल आणि वर्षातल्या प्रखर दिवसांत पातळ पडद्याची सोय असेल, तर केवळ खिडकीवर काम भागते. याव्यतिरिक्त कुठेही पेरणी करायची असेल तर मी निःसंकोचपणे एलईडी दिवा सुचवतो. जांभळ्या प्रकाशाचे खास दिवे घेण्याची आवश्यकता नाही. साधा, चांगल्या क्षमतेचा पांढरा दिवा रोपांपासून वीस ते तीस सेंटिमीटरवर, रोज बारा ते चौदा तास, वेळ-नियंत्रकाला जोडून ठेवावा. रात्रीचा अंधार आणि गारवा दोन्ही आवश्यक आहेत, म्हणून दिवा अहोरात्र चालू ठेवू नये. प्रकाश जास्त झाल्याची खूण उलट दिशेची असते: रोपे तांबूस-जांभळी पडतात, आक्रसतात आणि वाढ थांबते. हलकी लाली दिसली तर घाबरण्याचे कारण नाही, उलट मला ती थोडी आवडतेच. गडद रंग दिसला की दिवा काही सेंटिमीटर वर घ्यावा. दिवा बदलताना किंवा कुंडी खिडकीत नेताना मोठी उडी घेऊ नये. सौम्य प्रकाशात वाढलेले रोप एका दुपारच्या कडक उन्हात भाजून पांढरे पडते आणि तो डाग शेवटपर्यंत राहतो.

पाणी किती, हा प्रश्न यानंतर विचारायचा. कमी प्रकाशात दिलेले योग्य पाणीही जास्त ठरते, आणि चांगल्या प्रकाशात तेच पाणी रोप सहज पचवते. पहिल्या आठवड्यात, उगवण चालू असताना, पृष्ठभाग कधीच कोरडा पडू नये; झाकण असल्यामुळे बहुधा वेगळे पाणी द्यावेच लागत नाही. बहुसंख्य रोपे वर आली की झाकण काढण्यास सुरुवात करावी: आधी फट, मग दिवसाचे काही तास, आणि आठ-दहा दिवसांत पूर्ण. झाकण महिनोन्महिने ठेवून रोपे वाढवणारेही आहेत आणि मिश्रण निर्जंतुक असेल तर ते जमते. मात्र घरातल्या कोंदट हवेत एकदा बुरशी शिरली की ती एका रात्रीत कुंडीचा कोपरा साफ करते, म्हणून मी लवकर मोकळी हवा देण्याच्या बाजूचा आहे. बुरशीची रोपमर सुरू झाली तर रोप जमिनीच्या पातळीवर पाणथळ होऊन कोलमडते आणि लागण शेजारच्या रोपांत वर्तुळाकार पसरत जाते. तेवढा भाग मिश्रणासह चमच्याने उचलून टाकावा, झाकण काढावे, जवळ लहान पंखा मंद गतीने चालू ठेवावा आणि पृष्ठभाग कोरडा होऊ द्यावा. हवा खेळती ठेवण्याइतका उपयोग कोणत्याही औषधाचा झालेला मी पाहिलेला नाही.

झाकण निघाल्यानंतरच्या पहिल्या दोन महिन्यांत पृष्ठभाग दिवसभरासाठी फिकट, कोरडा दिसू लागला की खालून पाणी द्यावे. त्यानंतर हा कोरडेपणा आधी दोन-तीन दिवस, मग आठवडाभर असा वाढवत न्यावा. इथे तारखा पाळण्यापेक्षा रोपाकडे पाहणे श्रेयस्कर. सकाळी पाहिलेले रोप भरीव आणि तकतकीत असेल तर पाणी थांबवता येते. माथ्यावर बारीक सुरकुत्या दिसल्या आणि त्या रात्रीत भरून निघाल्या नाहीत तर पाणी द्यावे, आणि दिले की पूर्ण द्यावे. रोज थोडे थोडे शिंपडण्याने वरचा थर शेवाळतो आणि खालची मुळे तहानलेली राहतात. पाणी शक्यतो पावसाचे किंवा क्षार कमी असलेले असावे. जड पाण्याने दाण्यांवर पांढरा थर चढतो आणि मिश्रणाचा किंचित आम्ल गुण नाहीसा होतो. खत तीन-चार महिने देऊ नये. नंतर वाढीच्या काळात कमी नत्राचे, सांगितलेल्या मात्रेच्या चौथाई ताकदीचे खत महिन्यातून एकदा पुरे.

रोपे दोन-तीन मिलिमीटरची झाली की त्यांच्यामध्ये दोन मिलिमीटरच्या खडीचा पातळ थर चिमटीने पसरावा. याने शेवाळ आटोक्यात राहते, रोप सरळ उभे राहते आणि ओल्या मातीवर घिरट्या घालणाऱ्या बारीक काळ्या चिलटांना अंडी घालायला उघडी ओल मिळत नाही. ही चिलटे मोठ्या झाडाच्या बाबतीत केवळ उपद्रवी असतात, पण त्यांच्या अळ्या या वयाच्या रोपाचे मूळ आणि गर दोन्ही खातात; एखादे निरोगी रोप अचानक पोकळ सालीसारखे दिसले तर संशय प्रथम त्यांच्यावर घ्यावा आणि जवळ पिवळा चिकट कागद लावावा.

दोन ते पाच महिन्यांच्या दरम्यान एक दिवस रोप मरणार असे वाटू लागते. गोळी मऊ पडते, तिचा रंग उतरतो, तिच्यावर सुरकुत्या येतात. नवखा माणूस इथे घाईने पाणी ओततो. भिंगातून पाहिले तर माथ्यावरची चीर रुंदावलेली आणि तिच्या आत वेगळ्या रंगाचे, ठिपके असलेले काहीतरी दिसते: ती खऱ्या पानांची पहिली जोडी, जुन्या चिरेच्या काटकोनात नवी चीर घेऊन वर येत असते. ती जोडी जुन्या बीजपत्रांतलेच पाणी शोषून वाढते आणि शेवटी त्यांचे कागदासारखे पातळ साल तिच्या तळाशी उरते. या काळात पाणी पूर्ण तोडायचे नाही, कारण रोप अजून फार लहान आहे, पण दोन पाण्यांतले अंतर वाढवायचे. सगळी रोपे एकाच वेळी पालटत नाहीत, त्यामुळे कुंडीतल्या बहुसंख्येकडे पाहून निर्णय घ्यावा. वाळलेले साल ओढून काढू नये. ते आपोआप सुटते.

पहिल्या हिवाळ्यात रोपांना मोठ्या झाडांसारखा संपूर्ण कोरडा विसावा देऊ नये. दिव्याखाली, १५ अंशांच्या वर तापमान असेल तर ती हिवाळाभर वाढत राहतात आणि वर्षभरात दोन वेळाही पाने पालटतात. दुसऱ्या वर्षापासून त्यांना ऋतूंच्या चाकोरीत आणायचे: शरदात चांगले पाणी, थंडीत आत नवी पाने तयार होत असताना पाणी बंद, वसंतात जुनी पाने पूर्ण वाळल्यावर पुन्हा सुरू, आणि कडक उन्हाळ्यात अगदी जेमतेम. थंडीत पाणी मिळालेले झाड जुनी पाने टाकून देत नाही. मग एकावर एक पानांच्या जोड्या रचलेले बेढब झाड पाहायला मिळते.

पुनर्लागणीची घाई नको. लिथॉप्सची रोपे एकमेकांना खेटून चांगली वाढतात, आणि एकेकटी विखुरलेली रोपे त्यामानाने मागे पडतात, असा बहुतेक जाणत्यांचा अनुभव आहे. वर्षभराने, किंवा रोपे एकमेकांना वर ढकलू लागल्यावर, कोरड्या मिश्रणातून ती सोडवावीत, मुळे शक्य तितकी अखंड ठेवून नव्या खोल कुंडीत लावावीत आणि चार-पाच दिवस थांबून पहिले पाणी द्यावे, म्हणजे मुळांच्या जखमा भरून येतात. पालट चालू असलेली रोपे हलवू नयेत.

नीट वाढलेली रोपे तिसऱ्या-चौथ्या वर्षी फुलतात. शरदात दुपारी, चिरेतून वर आलेली पिवळी किंवा पांढरी फुले उमलतात आणि संध्याकाळी मिटतात. असे काही दिवस चालते. एका झाडाच्या परागांनी त्याच झाडाला बी धरत नाही, म्हणून एकाच प्रजातीची, वेगवेगळ्या बियांपासून वाढलेली दोन झाडे एकाच वेळी फुललेली असावी लागतात. मऊ कुंचल्याने पराग एकीकडून दुसरीकडे न्यावेत, झाडावर पाणी पडू न देता बोंड पुढचे कित्येक महिने पिकू द्यावे, आणि मग ते न उघडता कागदी पाकिटात, प्रजातीचे नाव व साल लिहून, कोरड्या जागी ठेवावे. ताज्या बियांपेक्षा वर्षभर ठेवलेले बी बरेचदा अधिक चांगले उगवते, आणि कोरडे राखले तर ते अनेक वर्षे टिकते.